दगड होणे आणि दगड असणे

कथापुराणांत माणसाचा दगड होतो तो बहुधा शिक्षा म्हणून. अहल्येची शिळा झाली ती गौतमाच्या शापाने, आणि शिळेची पुन्हा स्त्री झाली तेव्हा शिक्षा सरली. (वाल्मीकींच्या बालकांडात ती शिळा होतच नाही, राखेत पडून, वारा भक्षून, कोणाच्या दृष्टीस न पडता ती तप करते. शिळेची गोष्ट मागून आली. परंतु लोकांनी पत्करली ती मागूनची, आणि त्यांचे फारसे चुकले असे मला वाटत नाही. अदृश्य होणे कोणाला दिसत नाही. दगड होणे दिसते.) अरबी भाषेतल्या सुरस गोष्टींत एका तरुण राजाचे कमरेखालचे अंग दगडी होते, तेही चेटूक करणाऱ्या बायकोच्या रागापायी. उत्तर युरोपातही तीच तऱ्हा. आइसलंडच्या दक्षिण किनाऱ्याला रेनिसद्रांगर नावाचे काळे सुळके समुद्रात उभे आहेत. ते म्हणे जहाज ओढीत असता पहाटेने गाठलेले राक्षस. टॉल्किनची ‘द हॉबिट’ १९३७ साली निघाली, तिच्यात त्याने हाच संकेत उचलला. भांडत बसलेल्या तीन राक्षसांवर ऊन पडते आणि ते जागच्या जागी पाषाण होतात.

या सर्व कथांत दगड म्हणजे शेवट. प्राण गेला, बोलणे थांबले, गोष्ट संपली. इंग्रज विनोदी कादंबरीकार टेरी प्रॅचेट (१९४८–२०१५) याने हे उलटे केले. त्याच्या ‘डिस्कवर्ल्ड’ मालेतले ट्रोल दगड होत नाहीत. ते दगडच आहेत. दगड म्हणून जन्मतात, दगड खातात, दगडांचीच नावे लावतात, आणि डोंगर सोडून शहरात येऊन नोकरी धरतात. ‘होणे’ आणि ‘असणे’ या दोन क्रियापदांतला हा फरक वरवर लहान दिसतो. परंतु त्याच्या आधारावर या लेखकाने एक संपूर्ण जमात उभी केली, आणि हसता हसता तिच्याविषयी असा एक प्रश्न विचारला, की ज्याच्याशी आम्हा शाळामास्तरांची रोज गाठ पडते: ज्याला आपण मठ्ठ म्हणतो तो खरोखर मठ्ठ असतो काय? त्या प्रश्नाला त्याने दिलेले उत्तर मला मोलाचे वाटते. पण त्या उत्तराशी तो स्वतः किती इमानाने वागला, याविषयी माझ्या मनात शंका आहे.

‘ट्रोल’ हा शब्द हल्ली मराठीत भलत्याच अर्थाने रुळला आहे. समाजमाध्यमांवर दुसऱ्याच्या मागे हात धुऊन लागणाऱ्या टवाळाला आपण ट्रोल म्हणतो. त्याचा येथे संबंध नाही. हा स्कँडिनेव्हियाच्या लोककथांतला, डोंगरकपारीत राहणारा राक्षस. प्रॅचेटचे जग एका सपाट चकतीवर वसलेले आहे. चकती चार हत्तींच्या पाठीवर, हत्ती एका अवाढव्य कासवाच्या पाठीवर, आणि कासव अवकाशात पोहत चाललेले. कूर्म आणि दिग्गज ही मंडळी मराठी वाचकाला घरचीच असल्यामुळे तो या जगात फारसा बिचकणार नाही. मालेतली पहिली कादंबरी १९८३ साली निघाली, शेवटची एकेचाळिसावी २०१५ साली, लेखकाच्या मृत्यूनंतर. माझे इंग्रजी मॅट्रिकपुरते. शब्दकोश शेजारी ठेवून मी यांतल्या ट्रोलांच्या कादंबऱ्या वाचल्या, दोन-तीन पुन्हा वाचल्या. विनोद काही शब्दकोशात सापडत नाही असे म्हणतात; प्रॅचेटचा पुष्कळदा सापडतो, कारण त्याची निम्मी नावे भूगर्भशास्त्राच्या पुस्तकातून उचललेली आहेत. ज्या ट्रोलाविषयी मला मुख्यतः बोलायचे आहे त्याचे नाव डिट्रायटस. म्हणजे झिजून, फुटून डोंगराच्या पायथ्याशी साचलेला खडकाचा चुरा.

या जमातीचे शरीरशास्त्र लेखकाने मन लावून रचले आहे. दात हिऱ्याचे, कारण खायचे ते दगड. मेंदू सिलिकॉनचा, म्हणजे जे मूलद्रव्य आपल्या गारगोटीत असते आणि ज्याच्या चकत्यांवर आजची संगणकयंत्रे चालतात, त्याचा. आणि संगणक तापला की जसा मंदावतो तसा हा मेंदूही उष्णतेने मंदावतो. जुन्या लोककथेत ट्रोल उन्हाने दगड होई. प्रॅचेटच्या सुरुवातीच्या कादंबऱ्यांतही ते दिवसा थिजत. पुढे त्याने गाजावाजा न करता कारण बदलले. घात करतो तो प्रकाश नव्हे, उष्णता. डोंगरमाथ्यावरच्या थंडीत ज्याची बुद्धी चालते तोच ट्रोल खालच्या मैदानातल्या उबदार शहरात आला की अडखळू लागतो. मराठीत चकमकीच्या दगडालाही ‘गार’ म्हणतात आणि थंडालाही ‘गार’ म्हणतात. प्रॅचेटला मराठी येत असते तर ही कोटी त्याने सोडली नसती.

त्यांच्या गणनेची गोष्टही अशीच. ट्रोल मोजतात ते एक, दोन, तीन, पुष्कळ. आणि माणसे हसतात, की बिचाऱ्यांना तीनापुढे आकडे नाहीत. परंतु ‘पुष्कळ’ हाच त्यांचा चार आहे! पुष्कळ-एक म्हणजे पाच, पुष्कळ-दोन म्हणजे सहा, पुष्कळ-पुष्कळ म्हणजे आठ, असे करीत सोळाला ते ‘ढीगभर’ म्हणतात. दहाच्या ऐवजी चारावर उभारलेली ती एक व्यवस्थित अंकपद्धती आहे. हसणाऱ्याने शब्द ऐकला, त्यामागचा हिशेब ऐकला नाही. मालेतली ही लहानशी तळटीप मला पुष्कळ पानांच्या प्रवचनांपेक्षा अधिक किमतीची वाटते. परक्या भाषेतला एक शब्द आपल्या भाषेत ढिसाळ वाटतो, एवढ्यावरून आपण त्या माणसाच्या बुद्धीचा निकाल लावतो, हे तिच्यात एका दमात सांगून झाले आहे.

काळाविषयीचे त्यांचे मतही ऐकण्यासारखे आहे. ट्रोल म्हणतात, भूतकाळ आपल्याला दिसतो आणि भविष्यकाळ दिसत नाही. तेव्हा आपण काळातून पाठमोरे चालत असलो पाहिजे. ‘रीपर मॅन’ (१९९१) मधली ही कल्पना विनोद म्हणून येते. वाचून झाल्यावर मात्र मी बराच वेळ तिच्यात दोष शोधीत होतो आणि मला सापडला नाही.

या जमातीची पहिली मोठी आठवण राहते ती ‘द लाइट फॅन्टॅस्टिक’ (१९८६) मधल्या म्हाताऱ्या आजोबाची. ट्रोल जसजसा वयाने वाढतो तसतसा तो बसून राहतो, विचारात गढतो, आणि अखेर भूगोलाचा भाग होऊन जातो. काही भाडोत्री शिपाई रात्री एका गुहेत उतरतात, शेकोटी पेटवतात. आणि ती गुहा म्हणजे त्या आजोबाचे तोंड निघते. जिभेला चटका बसल्यावर डोंगर उठतो. प्रसंग विनोदी खराच. तरीही त्यात भव्यता आहे. तिथे ट्रोल हा हसण्याचा विषय नाही. हसू येते ते शिपायांचे, ज्यांना आपण कोणाच्या तोंडात बसलो आहोत याचा पत्ता नाही.

पुढे मात्र लेखकाने ट्रोलाला आंख-मॉरपॉर्क या शहरात आणले, आणि शहरात आलेल्या डोंगरी माणसाचे जे होते तेच त्याचे झाले. ‘गार्ड्स! गार्ड्स!’ (१९८९) मध्ये डिट्रायटस प्रथम दिसतो तो दारूच्या गुत्त्यात गिऱ्हाइकांना उचलून बाहेर फेकणारा रखवालदार म्हणून. पुढल्याच वर्षीच्या ‘मूव्हिंग पिक्चर्स’ मध्ये तो रूबी नावाच्या गाणाऱ्या ट्रोलबाईच्या प्रेमात पडतो. ट्रोलांच्या जुन्या रीतीप्रमाणे प्रियेला दगड मारून प्रेम व्यक्त करायचे असते, आणि तिला तर नव्या पद्धतीचा अनुनय हवा असतो. या गोंधळावर बरीच पाने खर्ची पडली आहेत. ती पाने मजेची आहेत, पण त्यांतला विनोद स्वस्त आहे. राकट देह, मंद डोके, बोबडे बोलणे: एवढ्यावर कुठल्याही देशातला कुठलाही विदूषक उभा राहू शकतो. विनोदी पात्राची किंमत ठरते ती आपण त्याला हसतो की त्याच्याबरोबर हसतो यावर. चिं. वि. जोशी यांचा चिमणराव पावलोपावली फजीत पावतो, पण गोष्ट सांगणारा तोच असतो. फजितीची नोंद त्याच्याच हातची असते, म्हणून त्याचा मान जात नाही. डिट्रायटसला तोवर असे स्वतःचे मन मिळालेलेच नव्हते.

ते मिळाले १९९३ साली, ‘मेन ॲट आर्म्स’ मध्ये. शहराच्या पहाऱ्यात निरनिराळ्या जमातींची माणसे घ्यावीत असा हुकूम निघाल्यावरून डिट्रायटस शिपाई होतो, आणि त्याच्या जोडीला दिला जातो कडी नावाचा बुटका. बुटके म्हणजे खाणीत राहणारी, खडक फोडणारी जमात. आता ज्यांचा धंदा खडक फोडण्याचा आणि ज्यांचा देह खडकाचा, त्यांचे पिढीजात वैर का, हे वेगळे सांगायला नको. ही दोघे एका प्रसंगी एका विलक्षण वखारीत कोंडली जातात. शहरात डुकराच्या मांसाचा वायदेबाजार चालतो. जे मांस अजून जन्मालाच आलेले नाही त्याची खरेदी-विक्री इतकी झाली, की ते न जन्मलेले मांस साठवायला खरोखरची वखार अस्तित्वात आली. (वायद्याच्या व्यवहारावर इतकी नेमकी टीका मी अर्थशास्त्रावरच्या लेखांतही वाचलेली नाही.) त्या वखारीत जीवघेणी थंडी आहे. बुटका कसाबसा बाहेर निसटतो. डिट्रायटस आत राहतो. आणि जसजसा त्याचा मेंदू गार होत जातो तसतसा तो विचार करू लागतो. भिंतींवर साचलेल्या हिमाच्या थरावर तो बोटाने आकडे ओढू लागतो. जो दोनाच्या पलीकडे जाताना अडखळत होता, तो एकट्याने, मरणाच्या दारात, सबंध विश्वाचे गणित मांडू लागतो.

हा प्रसंग मी जितक्या वेळा वाचला तितक्या वेळा माझे हसू अर्ध्यावर थांबले. शिक्षकाच्या कोशात ‘दगड’ हा शब्द फार जुना आहे. आमच्या धंद्यात तो इतका सहज वापरला जातो, की ती शिवी आहे हेही कोणाच्या ध्यानात येत नाही. ज्या पोराला उत्तर येत नाही तो दगड. दोनदा सांगून येत नाही तो ‘निव्वळ दगड’. प्रॅचेटने हा शब्द अक्षरशः घेतला. बरे, दगड तर दगड. पण दगडाला काय हवे असते, हे कोणी पाहिले का? त्याला गारवा हवा असतो. वर्ग तापलेला आहे, आणि तो तुमच्या सोयीने तापवलेला आहे. घरी अहिराणी किंवा गोंडी बोलणारे मूल पुस्तकी मराठीच्या वर्गात पहिल्या दिवशी येऊन बसते तेव्हा त्याचा मेंदू असाच मंदावलेला दिसतो. सुटी झाली की तेच मूल मैदानात गोट्यांचे हिशेब मास्तरापेक्षा झपाट्याने करते. बुद्धी हा वस्तूचा गुण नव्हे, वस्तू आणि हवा यांच्यातला संबंध आहे, असे प्रॅचेट या प्रसंगातून सुचवतो. अशा तऱ्हेचे विधान शिक्षणशास्त्राच्या पुस्तकात केले तर त्याला आधार मागतील; कादंबरीत त्याला एक थंड वखार पुरते.

पण याच ठिकाणी माझी तक्रारही सुरू होते. हिमावर लिहिलेले गणित टिकणार किती? दार उघडते, ऊब येते, आणि विश्वाचा उलगडा करू पाहणारा डिट्रायटस पुन्हा ‘पुष्कळ’ वर येतो. लेखकाने त्याला एक शिरस्त्राण मात्र दिले आहे. किल्लीवर फिरणारा पंखा बसवलेले ते शिरस्त्राण डोके गार ठेवते, आणि त्याची कल्पना बुटक्या कडीची. पिढीजात वैऱ्याने आपल्या मित्राला दिलेली ही सगळ्यांत सुंदर भेट आहे. तिच्यापुढे या दोघांनी एकमेकांवर केलेले बाकीचे सारे विनोद फिके पडतात. कडी त्याच कादंबरीत मारला जातो, शिरस्त्राण उरते. यापुढच्या कादंबऱ्यांत डिट्रायटस हवालदार होतो, नव्या शिपायांना कवाईत शिकवतो, ट्रोलांच्या पोरांना ‘स्लॅब’ नावाची नशा विकणाऱ्यांचा कर्दनकाळ होतो. माणूस म्हणून, म्हणजे ट्रोल म्हणून, तो वाढत जातो यात शंका नाही. ‘द फिफ्थ एलिफंट’ (१९९९) मध्ये तो थंड मुलखात जातो तेव्हा त्याची बुद्धी चमकलेलीही दिसते. लेखक आपला शोध अगदीच विसरला नव्हता. परंतु शहरातल्या पानापानांवर लेखकाला हसे हवे असले की शिरस्त्राण सोयीने बाजूला राहते, पंखा सोयीने अडतो, आणि डिट्रायटस पुन्हा एखादा शब्द चुकीचा समजून घेतो. याचा मेंदू कशाने मंदावतो हे ज्याने एकदा दाखवून दिले, त्याला मग नुसत्या मंदपणावर हसण्याचा अधिकार उरतो काय? लेखक म्हणेल, विनोदाला पात्र ओळखू यावे लागते. खरे आहे. पण वाचकाला जे एकदा दिसले ते पुन्हा न दिसल्यासारखे करता येत नाही. त्या वखारीनंतरचे प्रत्येक हसे मला किंचित उसने वाटते.

येथे एक गोष्ट नमूद केली पाहिजे. २००७ च्या डिसेंबरात प्रॅचेटने जाहीर केले, की आपल्याला अल्झायमरचा एक विरळा प्रकार झाला आहे. पुढे त्याला टंकलेखन अशक्य झाले आणि त्याने कादंबऱ्या तोंडाने सांगून लिहविल्या. देहाच्या मर्जीवर चालणारा मेंदू त्याने १९९३ साली विनोदाच्या ओघात कल्पिला होता, आपल्या आजाराच्या चौदा वर्षे आधी. मला या दोहोंत कसलाही दैवी संकेत शोधायचा नाही. एवढेच, की २००७ नंतर ती वखार वाचणाऱ्याच्या कानात आणखी एक स्वर घुमतो, आणि तो टाळता येत नाही.

ट्रोलांचा सगळ्यांत मोठा आणि सगळ्यांत गंभीर ग्रंथ म्हणजे ‘थड!’ (२००५). कूम दरी नावाच्या ठिकाणी शतकांपूर्वी ट्रोल आणि बुटके यांची लढाई झाली. दोन्ही पक्षांनी एकमेकांवर दबा धरून हल्ला केलेली जगातली ही एकच लढाई, असे तिचे वर्णन केले जाते. तिचा वार्षिक दिवस आला की शहरात दंगलीची हवा तयार होते. कोणी कोणाचा विश्वासघात केला, यावर दोन्ही जमातींची सारी अस्मिता उभी. पोलीसप्रमुख व्हाइम्स शोध घेत दरीखालच्या गुहेपर्यंत पोहोचतो तेव्हा कळते, की तिथे दोन्ही राजे तहासाठी आले होते. धुक्याने घोटाळा केला, पुराने सगळ्यांना गुहेत लोटले, आणि मरण येईपर्यंत ते एका पटावर खेळत बसले. वरून ठिबकणाऱ्या चुन्याच्या पाण्याने त्यांच्यावर दगडाचे आवरण चढले आहे. बुटकेही दगड झाले! म्हणजे आरंभी म्हटलेले ‘होणे’ आणि ‘असणे’ येथे एकत्र येतात, आणि शाप म्हणून नव्हे, पुरावा म्हणून. ऐतिहासिक कादंबरीचे इतके वेड असलेल्या आपल्या भाषेत, चारशे वर्षांपूर्वीच्या एखाद्या भेटीवरून आजही डोकी फुटू शकतात हे ठाऊक असलेल्या वाचकाला, ही कादंबरी परीकथा वाटणार नाही.

तो पट नुसता कल्पनेतला राहिला नाही. ट्रेव्हर ट्रुरन याने २००२ सालीच ‘थड’ हा खेळ खरोखर तयार केला. एका बाजूला बत्तीस बुटके, दुसऱ्या बाजूला आठ ट्रोल, मध्ये एक शिळा. संख्या विषम, चाली विषम; म्हणून पूर्ण सामना दोन डावांचा, आणि दुसऱ्या डावात खेळाडूंनी बाजू बदलायची. पहिल्या डावात जो बुटका होता तो दुसऱ्यात ट्रोल होतो. कादंबरीत मिस्टर शाइन नावाचा गूढ गृहस्थ जमातीजमातींच्या तरुणांना हाच खेळ शिकवीत असतो, आणि त्याच अटीवर: समोरच्याची बाजू खेळल्याखेरीज तुला खेळ आला असे म्हणता येणार नाही. शाळेत इतिहास असा शिकवता आला तर काय होईल, याचा विचार मी करून पाहिला आहे. पालकांची पहिली तक्रार आठवड्याच्या आत येईल.

मात्र हा मिस्टर शाइन कोण निघतो? हिरा. ट्रोलांचा राजा, साक्षात हिऱ्याचा देह असलेला. आणि त्याच कादंबरीत गटारात लोळणारा, नशेने डोके गेलेला, आई-बाप कोण ते ठाऊक नसलेला जो ट्रोलपोर आहे, त्याचे नाव ब्रिक. म्हणजे वीट! येथे भारतीय वाचकाचे कान टवकारले नाहीत तरच नवल. जमातीजमातींतले वैर मोडायला निघालेल्या लेखकाने जमातीच्या आतली उतरंड जशीच्या तशी राहू दिली आहे. शहाणपण हिऱ्याला जन्माने आलेले, आणि ज्याला खाणीचाही वारसा नाही, जो मातीचा मळून भाजलेला, तो गटारात. राजा हिऱ्याचाच का? गारगोटीचा का नको? उष्णतेने सगळ्या ट्रोलांचे डोके मंदावते हे सांगून ज्याने बुद्धीचा जन्माशी असलेला संबंध तोडला, त्यानेच तो दुसऱ्या दाराने परत आत घेतला. इंग्रज वाचकाला कदाचित हे खटकणार नाही. परीकथेत राजा चकाकायचाच. मला खटकले. त्यातल्या त्यात एवढे लेखकाच्या बाजूने सांगता येते, की विटेला हात देणारा हिरा नव्हे. तो डिट्रायटस आहे; डोंगराच्या पायथ्याचा चुरा. तो त्या पोराला बखोटीला धरून उचलतो, दम देतो, आणि आपल्या पदराखाली घेतो. तिथे उपदेश नाही, भाषण नाही. आपल्या पंढरीत देवालाच विटेवर उभे राहावे लागले, हे माहीत असलेल्या वाचकाला हा प्रसंग जास्त आवडेल असा माझा कयास आहे.

पंढरीचा विषय निघालाच आहे म्हणून सांगतो. आपल्याकडे दगडाच्या दोनच गती आहेत. शेंदूर लागला तर तो देव. नाही लागला तर पायरी, पाटा, नाहीतर शिवी. ज्ञानेश्वरांनी चांगदेवाला सामोरे जाताना भिंत चालविली ही कथा आपण लहानपणापासून ऐकतो. रेड्याने निदान वेद म्हटले. भिंत एक शब्द बोलली नाही. ती चालली ती चालवणाऱ्याचा अधिकार दाखवण्यासाठी. तिला चालून काय वाटले हे विचारण्याचे आपल्या कथेला कारणच पडले नाही. प्रॅचेटचे सामर्थ्य मला येथे दिसते. त्याने दगडाला देव केले नाही आणि पायरीही केले नाही, त्याला शेजारी केले. पगार, कर्ज, बायको, मेलेल्या मित्राची आठवण, उन्हाळ्याचा त्रास असलेला शेजारी. अद्भुताचा हा उपयोग आपल्या भाषेत फार थोडा झाला आहे. आपले अद्भुत एक तर भक्तीच्या कामाला जुंपले जाते, नाहीतर मुलांना झोपवण्याच्या.

आता एक शेवटची अडचण, आणि ती कोणी या कादंबऱ्या मराठीत आणायला बसलाच तर त्याची पहिली असेल. डिट्रायटसने बोलायचे कोणते मराठी? मुळात तो मोडकी इंग्रजी बोलतो, ‘दॅट’ चा ‘डॅट’ करतो. टॉल्किनच्या तीन राक्षसांनाही लंडनच्या कष्टकरी वस्तीची बोली दिली होती. म्हणजे राक्षसाने गरिबासारखे बोलावे हा त्या भाषेतला जुना संकेत. आपल्या रंगभूमीनेही तो भरपूर पाळला. नाटकातल्या मालकाचे मराठी पुण्याचे, आणि गड्याचे घाटावरचे नाहीतर कोकणातले, हशा ठरलेला. अनुवादकाला मोह होईल, की ट्रोलाच्या तोंडी एखादी गावरान बोली घालावी. तसे केले की दगड हसण्याचा विषय राहणार नाही. ती बोली रोज बोलणारी जिवंत माणसे तो विषय होतील, आणि प्रॅचेटने वखारीत जे मिळवले ते एका पानात घालवले जाईल. मला विचारले तर मी म्हणेन, त्याला बोली देऊ नये. शुद्ध प्रमाण मराठीच द्यावी, पण तापलेली. वाक्ये लहान, विभक्ती कुठे गळलेली, दोन शब्दांच्या मध्ये जरा जास्त जागा. आणि थंडी पडली की तीच भाषा प्रत्येक वाक्यागणिक जुळत, लांबत, उलगडत जावी. म्हणजे वखारीतले ते पान येईल तेव्हा वाचकाला कोणी काही सांगावे लागणार नाही. त्याला ते ऐकू येईल. अनुवादकाने हिवाळ्यात बसून ते पान करावे, आणि ‘पुष्कळ’ हा शब्द मात्र कुठेही बदलू नये.